उसना आवाज

एमेट पर्डी पडद्यावर इतक्या वेळा मेला होता की त्याला आता मरण्याचं काही वाटत नसे. बँकेचा कारकून म्हणून तो काउंटरमागे कोसळला होता, भरधाव घोडागाडीवरून खाली पडला होता, आणि एकदा तर गुत्त्यात दुसऱ्यावर झाडलेली गोळी चुकून त्याला लागली होती. हॉलिवूडमध्ये तेव्हा अशी माणसं पोत्याने होती. नायकाच्या खांद्याआडून दिसायचं, दोन वाक्यं बोलायची, मरायचं आणि संध्याकाळी घरी जाऊन जेवायचं.

बाजारात बायका त्याच्याकडे टक लावून बघत.

"तुम्ही आमच्या चर्चमध्ये ऑर्गन वाजवता ना?"

"नाही हो."

"मग टायरच्या दुकानात बघितलंय तुम्हाला. कुठेतरी बघितलंय नक्की!"

त्याची बायको व्हर्ना त्याला कोपराने ढोसायची. "सांग की त्यांना."

"काय सांगू? मागच्या महिन्यात मला फाशी दिली म्हणून?"

सेटवर मात्र त्याला सगळे ओळखत, ते एका वेगळ्याच गोष्टीसाठी. एमेट कोणाचीही हुबेहूब नक्कल करी. जेवणाच्या सुट्टीत लाकडी बाकांवर पोरं गोळा होत आणि तो दिग्दर्शक केसलरचं खेकसणं, मेकअपवाल्या बाईचं सुस्कारे टाकत बोलणं, सगळं करून दाखवी. पण खरी रंगत यायची ती डॉर्सी क्विलनच्या आवाजाने.

क्विलन म्हणजे एमेटच्या दोन पायऱ्या वरचा नट. नायक तोही नव्हताच, पण चित्रपटाच्या सुरुवातीला नावांच्या पाट्या येत, त्यात त्याचं नाव एकट्याचं यायचं. धिप्पाड, पांढऱ्या मिशांचा, आणि खडीवरून गाडी जावी तसा आवाज. त्या खडीच्या खाली कुठेतरी पाणी वाहत असल्यासारखा ओलावाही होता त्यात. नायकाचा म्हातारा मित्र म्हणून तो दारात येऊन उभा राहिला की थिएटरातली माणसं खुर्चीत सैलावून बसत. आपली नक्कल ऐकून तो पोट धरधरून हसे. म्हणे, "पर्डी, माझा घसा बसला की तुला घरून बोलावून घेईन."

एक्कावन्न सालच्या शरद ऋतूत सान फर्नांडो खोऱ्यातल्या एका कुरणावर चित्रपटाचं काम चाललं होतं. दुपारी क्विलन आपल्या कापडी खुर्चीत तोंडावर टोपी घेऊन आडवा झाला. सगळ्यांना वाटलं, डोळा लागला. बोलावणं आलं तेव्हा एका मुलीने टोपी उचलली आणि ती किंचाळली.

दोनच दिवसांनी केसलरने एमेटला बाजूला घेतलं.

"जेवताना करतोस ना, तो प्रकार करून दाखव."

"आत्ता? साहेब, त्यांना अजून मूठभर माती पण दिली नाही आपण."

"मला काय हौस आहे? पुढच्या आठवड्यात हे कुरण जातंय आपल्या हातून. त्याचा शेवटचा प्रसंग राहिलाय. तू पाठमोरा उभा राहा. तोंड कोणाला दिसायचं नाही. फक्त बोल."

कपडेपटाच्या बाईने क्विलनचा कोट आणला. तो एमेटला ढगळ होता, म्हणून आत पोटावर कापूस बांधला. पोर्चच्या खांबाला हात टेकून, कॅमेऱ्याकडे पाठ करून त्याने शेवटचं बोलणं म्हटलं. म्हातारा गुराखी नायकाला निरोप देतो. "जा पोरा. मागे वळून बघू नकोस. मी दार लावून घेतो."

नेहमी त्या आवाजाला हशा पिकायचा. आज कोणी हसलं नाही. दिवे धरणाऱ्या एका म्हाताऱ्याने डोक्यावरची टोपी काढली. एमेट वळला तेव्हा सगळे त्याच्याकडे बघत होते, आणि आयुष्यात पहिल्यांदा त्याला वाटलं की हे लोक आपल्याला ओळखताहेत. पण ते नेमकं कोणाला ओळखत होते, हा विचार त्याच्या मनात आला तो पुष्कळ पुढे.

चित्रपट चालला. क्विलनसाठी आधीच लिहून ठेवलेल्या भूमिका स्टुडिओत पडून होत्या, त्या एमेटकडे आल्या. त्याने मिशा वाढवल्या. पोट आपोआप वाढलं, कापूस लागेनासा झाला. नावाची पाटी एकट्याची येऊ लागली. व्हर्नाने व्हॅन नाइजमध्ये लिंबाचं झाड असलेलं घर पसंत केलं आणि शेजारणींना चहापाण्याला बोलावून घेतलं.

"बघितलंत? आता बाजारात गेलं की लोक सही मागतात. पूर्वी टायर मागायचे!"

अशातच क्विलनच्या विधवेचा फोन आला. तिचं नाव ऑगस्टा, पण सगळे तिला गसी म्हणत.

"मिस्टर पर्डी, त्या चित्रपटातलं शेवटचं बोलणं तुमचं ना?"

"हो, बाई. मला माफ करा. मी आधी तुमच्याकडे यायला हवं होतं."

"छे हो, रागावले नाही मी. डॉर्सीने जन्मात कधी दार लावलं नाही, म्हणून कळलं मला. घरभर माशा यायच्या." ती हसली. मग हळूच म्हणाली, "एकदा बोलाल का? काहीही बोला."

एमेटने काहीतरी हवापाण्याचं म्हटलं, त्या आवाजात. पलीकडून हुंदका आला आणि फोन ठेवला गेला. पुढच्या रविवारी दुपारी तो तिच्या ग्लेन्डेलच्या घरी गेला, आणि मग दर रविवारी जाऊ लागला.

ती खिडकीकडे तोंड करून शेंगा सोलत बसायची. तो मागे, क्विलनच्या खुर्चीत. मागे वळून बघायचं नाही, हे तिनेच ठरवलं होतं. "तोंड तुमचं आहे, त्याला काही माझा इलाज नाही," ती म्हणाली होती. मग ती रोजचंच काहीबाही विचारी.

"डॉर्सी, रात्री स्टू करू की कालचं मांस गरम करू?"

"कालचंच कर. उगाच कशाला दमतेस?"

"गॅरेजचं छप्पर गळतंय बघ."

"गळू दे. गाडीला तेवढीच अंघोळ."

ती खुदकन हसे. "हे अगदी तोच बोलला असता."

एमेट कधी क्विलनच्या घरी जेवला नव्हता, त्या गॅरेजात त्याने पाऊल ठेवलं नव्हतं. तरी उत्तरं येत. आधी तो विचार करून बोले. हळूहळू विचार करायच्या आधीच बोलणं तोंडातून निघून जाऊ लागलं. परतताना गाडीत तो मोठ्याने स्वतःशी बोलून बघे, घसा साफ करी, आणि घरच्या वळणापर्यंत तो जुना गुळगुळीत पर्डी परत येई. नंतर नंतर घर आलं तरी येईना.

"बूट दाराबाहेर काढतोस ना," व्हर्ना एकदा म्हणाली, "तसा त्या माणसालाही बाहेर ठेवून येत जा."

"कोणाला?"

"हे बघ! ह्यालाच."

तिने ते हसत म्हटलं होतं. पण एका दुपारी तो सोफ्यावर झोपला असताना बोलू लागला, आणि ती हातातलं भांडं टाकून मागच्या अंगणात निघून गेली. तो जागा झाला तेव्हा ती लिंबाच्या झाडाखाली उभी होती. ऊन रणरणत होतं, तरी तिने दोन्ही दंड घट्ट धरले होते.

"काय झालं?"

"तू गसीला हाका मारत होतास."

ग्लेन्डेलला त्याने जायचं बंद करायला हवं होतं, आणि तसं त्याने ठरवलंही. पण त्या रविवारी गसी शेंगा घेऊन बसली नव्हती. हात मांडीवर ठेवून बसली होती.

"डॉर्सी," खिडकीबाहेर बघत ती म्हणाली, "त्या दिवशी सकाळी तू म्हणालास, हात दुखतोय. मी म्हटलं, घरात तरी नाटक करू नकोस, कामाला जा. आठवतं?"

एमेट खुर्चीत पुढे सरकला. हे त्याला कोणी सांगितलं नव्हतं.

"तू बोलला नाहीस काही. टोपी घेतलीस आणि गेलास. तुझ्या मनात राग होता का रे?"

उत्तर सोपं होतं. नाही, गसी, राग कसला? एवढंच म्हणायचं, म्हातारीला मोकळं करायचं आणि उठायचं. त्याने तेच म्हणायला तोंड उघडलं.

"होता थोडा," तो आवाज म्हणाला. "गाडीत बसेपर्यंत होता. मग भूक लागली."

एमेट स्वतःच्या तोंडावर हात ठेवून बसून राहिला. गसीचे खांदे हलत होते. ती रडतेय की हसतेय, ते मागून कळेना. मग ठरवलेलं मोडून ती वळली. डोळे भरलेले, पण चेहरा एकदम हलका झालेला.

"नाही म्हणाला असतात तर मला कळलं असतं, की मिस्टर पर्डी बोलताहेत. बिचारे, भले आहेत, मला बरं वाटावं म्हणून बोलताहेत." तिने त्याचा हात धरला. "आता तुम्ही येऊ नका. मला मिळालं माझं."

तिला तिचं मिळालं. तिने घर विकलं आणि बहिणीकडे सिएटलला निघून गेली. एमेटला मात्र त्या दिवसापासून स्वतःचा आवाज सापडला नाही. दुधवाल्याशी, व्हर्नाशी, कुत्र्याशी, सगळ्यांशी क्विलन बोलू लागला. त्याने पाद्र्याचा आवाज काढून पाहिला, रेडिओवरच्या बातमीदाराचा काढला. ते येत, एखादं वाक्य टिकत, आणि खालून पुन्हा ती खडी वाजू लागे. डॉक्टरने घशात बत्ती घालून पाहिलं आणि म्हणाला, "उत्तम आहे. असा घसा मला द्या, मी उद्यापासून सिनेमात येतो."

नाताळात नेब्रास्काहून फोन आला. एमेटची आई अल्मा तिथे हार्लन क्रीक नावाच्या गावात त्याच्या बहिणीजवळ, नेटीजवळ, राहत होती. मोतीबिंदूने तिची दृष्टी पार गेली होती.

"नाताळच्या शुभेच्छा, आई."

पलीकडून म्हातारी म्हणाली, "कोण बोलतंय? एमेटला द्या जरा."

"आई, मीच आहे गं."

"अहो, लांबचा फोन आहे हा. थट्टा करू नका. माझ्या मुलाला बोलवा." आणि तिने फोन ठेवून दिला.

फेब्रुवारीत तिची तब्येत बिघडल्याचं कळलं आणि एमेट आगगाडीत बसला. गावी पोचला तेव्हा शेतांवर बर्फ घट्ट बसलं होतं. आई स्वयंपाकघरात शेगडीपाशी, गुडघ्यावर गोधडी घेऊन बसली होती. त्याने खाली वाकून हाक मारली. तिने मान वर केली ती अगदी सभ्यपणे, परक्यासमोर करावी तशी.

"या. बसा. नेटी, पाहुण्यांना कॉफी दे."

"अगं आई, हा एमेट आहे," नेटी म्हणाली. "मी डोळ्यांनी बघतेय ना!"

"तुझ्या डोळ्यांचं तू बघ. माझे कान शाबूत आहेत."

त्याने तिचा हात हातात घेतला. तिने तो चाचपला, आणि भल्या बाईने अनोळखी पुरुषाच्या हातातून काढून घ्यावा तसा अलगद काढून घेतला. नेटीने डोळ्याला पदर लावावा तसं एप्रन लावलं आणि ती कोंबड्यांना दाणे टाकायला बाहेर पडली.

मग तो पाहुणा म्हणूनच राहिला. सकाळी लाकडं फोडी, दुपारी शेगडीपाशी बसे. म्हातारीला त्याची सोबत आवडू लागली. परक्याला सांगावं तसं ती त्याला आपल्या मुलाबद्दल सांगे.

"माझा मुलगा सिनेमात असतो. तुम्ही बघितला असेल. दरवेळी मरतो मेला. मी जायचीच बंद झाले."

"बघितलाय," एमेट म्हणाला. "बरा करतो काम."

"करणारच. लहानपणापासून करतोय. तुम्हाला म्हणून सांगते, तो फार चाचरायचा. एक शब्द बाहेर काढायला पोराचा चेहरा लालबुंद व्हायचा. शाळेत पोरं नाचायची भोवती. एकदा वडिलांबरोबर गुरांच्या लिलावाला गेला आणि परत आला तो लिलाववाल्यासारखा घडाघडा बोलत! एक अक्षर अडलं नाही. मग पाद्र्यासारखा बोलायला लागला, मग मास्तरांसारखा. ह्याचा सोडला की त्याचा धरला. लोक म्हणाले, सुटलं बाई पोर. मीही म्हटलं, चला, सुखी झाला." ती थांबली. "पण माझ्या पोराचं बोलणं काही मला परत ऐकायला मिळालं नाही."

एमेटच्या हातातला कप तसाच राहिला. हे तो विसरला होता, म्हणजे विसरला होता असं त्यालाही इतकी वर्षं वाटत होतं. व्हर्नाला त्याने कधी सांगितलं नव्हतं. जो गुळगुळीत आवाज परत मिळावा म्हणून तो गाडीत स्वतःशी झगडत होता, तोही कुठून तरी उचललेलाच होता.

नंतरचे काही दिवस तो फारसा बोलला नाही. गोठ्यात जाऊन उभा राही. क्विलन तोंडाशी येई, तो दात मिटून घेई. लिलाववाला येई, मास्तर येत, त्यांनाही तो परतवी. सगळे निघून गेले की खाली काहीच उरत नसे, नुसता घसा, आणि त्यात लहान पोराची भीती. ती भीती त्याने ओळखली.

एका दुपारी आई बटाटे सोलत होती. तो तिच्या पायाशी जमिनीवर बसला.

"आ," तो म्हणाला. जीभ टाळूला चिकटली, मानेच्या शिरा ताठल्या, डोळ्यांत पाणी आलं. "आ... आ... आ..."

म्हातारीची सुरी थांबली.

"एमेट?" ती म्हणाली. "कधी आलास रे? जेवलास का?"

त्याने तिच्या मांडीत तोंड खुपसलं. ती ओल्या हातांनी त्याचे केस चाचपत राहिली, शेगडीत विस्तव आहे का, बूट ओले आहेत का, असलं काहीबाही विचारत राहिली. थोड्या वेळाने तिने दाराच्या दिशेला कान दिला.

"तो पाहुणा गेला वाटतं. भला माणूस होता. निरोप घ्यायचा राहिला त्याचा."

मार्चमध्ये ती गेली. शेवटपर्यंत मुलगा जवळ होता, ह्याचं तिला समाधान होतं.

एमेट परतला तेव्हा केसलरचा नवा चित्रपट उभा राहिला होता. पहिल्याच दिवशी कॅमेरा सुरू झाला आणि एमेट एका शब्दावर अडकला, अडकूनच राहिला. पोरांना वाटलं, नवी नक्कल आहे. कोणीतरी हसलं.

"थट्टा पुरे, एमेट," केसलर म्हणाला. "क्विलन कुठाय? बोलाव त्याला."

बोलावला असता तर तो आला असता. घशाच्या पायथ्याशी तो उभाच होता, हे एमेटला कळत होतं. पण पुन्हा आला की जाणार नाही, हेही कळत होतं. त्याने कोट काढला, घडी घालून खुर्चीवर ठेवला आणि तो फाटकाबाहेर पडला. त्याचं सिनेमातलं काम तिथे संपलं. नंतर तो घराजवळच्या एका रोपवाटिकेत कामाला लागला. गुलाबांशी फार बोलावं लागत नाही.

व्हर्नाने आदळआपट केली नाही. पण पहिले काही दिवस ती त्याच्याकडे अशी बघे, की जणू घरात कोणी नवाच भाडेकरू आलाय. एका संध्याकाळी मागच्या पायऱ्यांवर दोघं बसली होती. तिने विचारलं,

"एमेट, ओमाहाला नदीवर तू मला लग्नाचं विचारलंस, तो आवाज कोणाचा होता?"

त्याने बराच वेळ घेतला. ती थांबली.

"थि... थिएटरच्या मॅ... मॅनेजरचा."

"तो टकल्या? फुलांचा गुच्छ घेऊन फिरायचा तो?"

त्याने मान हलवली. व्हर्ना हसू लागली. हसता हसता तिने एकदम तोंड मिटलं आणि हातातला ग्लास खाली ठेवला. "म्हणजे इतकी वर्षं मी त्या टकल्याशी संसार केला."

"शब्द मा... माझे होते."

"एवढं तरी." तिने त्याच्या गुडघ्यावर हात ठेवला. हात थंड होता, पण तिने तो काढला नाही.

शेजारच्या घरातला टीव्ही कोणीतरी लावला. आता जुने चित्रपट संध्याकाळी घराघरात लागू लागले होते. घोड्यांच्या टापा आल्या, बंदुका आल्या, आणि मग कुंपणावरून ती खडी वाजली. क्विलनचा आवाज स्वच्छ, भरदार येत होता, कोणालातरी धीर देत होता. दोघंही ऐकत राहिली.

"हा तू आहेस," व्हर्नाने हळूच विचारलं, "की तो?"

एमेटने कान देऊन ऐकलं. सबंध वाक्य ऐकलं, मग पुढचंही. गसी असती तर तिने सांगितलं असतं.

"मा... माहीत नाही," तो म्हणाला.

व्हर्ना उठली, आत गेली आणि तिने अंगणाकडच्या खिडक्या एकेक करून लावून घेतल्या.